साडेचार फुटांचा आडोसा

पोस्टकार्डावर वाढलेली आमची पिढी. कुर्डुवाडीसारख्या रेल्वेच्या गावात कार्ड घरी पोचेपर्यंत चार जणांनी वाचलेलं असे आणि त्याचं कुणाला फारसं वाईटही वाटत नसे. एसटीडी बूथवर तर मागे उभ्या असलेल्यांना आपल्या घरची दुखणीखुपणी तोंडपाठ व्हायची.

१५ ऑगस्ट १९९५ रोजी विदेश संचार निगमने मुंबईसह मोजक्या महानगरांत सामान्यांसाठी इंटरनेट खुलं केलं. आमच्याकडे ते काही वर्षांनी सायबर कॅफेतून आलं. दाराशी वहीत नाव, पत्ता, वेळ लिहायची आणि प्लायवूडच्या आडोशाला बसायचं. वाटायचं, आता आपलं आपल्यापाशी. मी तिथे रोमन अक्षरांत एक मराठी कविता टंकून संपादकांना ईमेलने पाठवली आणि खातं बंद न करताच उठलो. दोन दिवसांनी कॅफेतला पोरगा विचारतो, ‘भाई, त्या कवितेतली बाई कोण?’ इतका चौकस वाचक मला पुन्हा मिळाला नाही, ते सोडा; पण तेव्हा घाम फुटला होता.

आमची भीती अशी खांद्यावरून डोकावणाऱ्या डोळ्यांची होती. खरी नोंद दुसरीकडेच होत होती. इंटरनेटला जोडलं की सेवा देणारी कंपनी आपल्याला एक आकडा देते, आयपी अ‍ॅड्रेस. कुठला आकडा कधी कुणाकडे होता, हे तिच्या दप्तरी राहतं. ऑर्कुटवर शिवाजी महाराजांचं बदनामीकारक चित्र टाकल्याच्या तपासात पुणे पोलिसांनी ऑगस्ट २००७ मध्ये बंगळुरूच्या एका तरुण अभियंत्याला अटक केली. कंपनीने दिलेला आयपी अ‍ॅड्रेसचा तपशीलच चुकीचा निघाला. या प्रकरणाशी त्याचा काही संबंध नव्हता. ५० दिवस मात्र तुरुंगात गेले. कार्ड भलत्या घरी पडलं तर शेजारी आणून देतो. इथे पोलीस आले.

२०११ मध्ये केंद्र सरकारने सायबर कॅफेंसाठी नियम केले: ओळखपत्र तपासा, नोंदी किमान वर्षभर जपा, आडोसा साडेचार फुटांहून उंच नको. आडोशाची उंची ठरली. पण लोकांची माहिती गोळा करणाऱ्यांनी तिचं काय करावं, याचा स्वतंत्र कायदा व्हायला २०२३ उजाडलं. त्याआधी २४ ऑगस्ट २०१७ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या ९ न्यायमूर्तींनी खासगीपणा हा मूलभूत हक्क असल्याचा एकमुखी निकाल दिला होता.

आमचा कॅफे तोवर बंद पडला होता. तिथे आता मोबाइलचं दुकान आहे. तो पोरगा मध्यंतरी स्टेशनवर भेटला. त्या वह्यांचं काय केलंस, मी विचारलं.

‘रद्दीत घातल्या, भाई. किलोवर.’