लाली गेली म्हणजे आजार गेला?

मुलाचे डोळे खाजून लाल झाले की मेडिकलमधून थेंबांची बाटली आणायची, दोन दिवसांत आराम पडला की ती फ्रिजच्या दारात ठेवायची आणि पुढच्या वेळी पुन्हा काढायची, असा घरोघरचा रिवाज आहे. त्यामागे दोन समजुती आहेत. झटकन गुण येतो तेच खरे औषध, ही पहिली. वय वाढले की हा त्रास आपोआप जातो, मग डॉक्टरांकडे खेपा कशाला, ही दुसरी.

पूर्वपक्ष अगदीच निराधार नाही. त्या थेंबांनी खरोखर आराम पडतो आणि पौगंडावस्था सरता सरता ही डोळ्यांची ॲलर्जी बहुतेकांची ओसरतेही. चूक आहे ती यावरून काढलेल्या निष्कर्षात.

शाळकरी वयात, विशेषतः मुलग्यांत दिसणारी ही व्हर्नल ॲलर्जी उष्ण, कोरड्या, धुळीच्या हवेत बळावते. मूल बोटांच्या पेरांनी डोळे चोळत उठते, उजेडाकडे त्याला बघवत नाही, डोळ्याच्या कोपऱ्यातून तार सुटणारा चिकट पांढरा स्राव निघतो. वरची पापणी उलटून पाहिली तर आत दगडी फरसबंदीसारखे उंचवटे दिसतात. ही डोळ्यांची साथ नव्हे. ती एकाची दुसऱ्याला लागत नाही आणि अँटिबायोटिकने बरी होत नाही.

मग बाटलीने गुण कसा येतो? अँटिबायोटिकच्या जोडीला तिच्यात अनेकदा डेक्सामेथासोन किंवा बीटामेथासोन असते. हे स्टेरॉइड दाह दाबते, ॲलर्जीची प्रवृत्ती मात्र तशीच राहते. थेंब थांबले की खाज परतते, बाटली पुन्हा निघते आणि असे महिनोन्‌महिने चालते. स्टेरॉइडचे थेंब सतत घातले तर साधारण एक तृतीयांश लोकांच्या डोळ्यांतला दाब वाढतो, काहींचा फारच. तो दुखत नाही. दृष्टीची नस कडेकडेने निकामी होत जाते, समोरचे स्वच्छ दिसत राहते, त्यामुळे मूल तक्रारही करत नाही. हाच काचबिंदू, आणि त्याने गेलेली दृष्टी परत येत नाही. ‘वयाबरोबर जाईल’ या म्हणण्याचे खरे उत्तर हेच आहे: ॲलर्जी जाईल, हे नुकसान राहील.

डॉक्टरसुद्धा स्टेरॉइड देतातच की, असा आक्षेप येतो. देतात, आणि त्रास तीव्र असेल, बुबुळावर जखम होऊ लागली असेल तर द्यावेच लागते. पण ते मोजके दिवस, मात्रा उतरवत आणि डोळ्यांचा दाब तपासत. रोजचा भार ओलोपॅटाडिन किंवा क्रोमोग्लिकेटसारख्या थेंबांवर असतो. क्रोमोग्लिकेटचा पुरता गुण यायला आठवडा-दोन आठवडे लागतात. आपण तिसऱ्या दिवशीच त्याला कुचकामी ठरवतो. चिवट दुखण्याला सायक्लोस्पोरिन आणि टॅक्रोलिमस आहेत. थंड पाण्याच्या घड्या घरी अवश्य ठेवाव्यात; मध, दूध, गुलाबपाणी डोळ्यांत घालू नये. आणि चोळणे थांबवायलाच हवे. चोळल्याने खाज आणखी भडकते, शिवाय सततच्या चोळण्याचा बुबुळ पातळ होऊन शंकूसारखे पुढे येण्याच्या विकाराशी निकटचा संबंध आहे. चष्म्याचा तिरका नंबर भराभर बदलू लागला तर ही शंका घ्यावी.

घरातल्या बाटलीवरचे बारीक अक्षर आजच वाचा. डेक्सामेथासोन, बीटामेथासोन, प्रेडनिसोलोन यांपैकी नाव दिसले आणि मूल ते थेंब बरेच दिवस घालत असेल, तर ते मनाने एकदम बंद करू नका. बाटली बरोबर घेऊन नेत्रतज्ज्ञांकडे जा आणि डोळ्यांचा दाब मोजून घ्या.