आरोपीचा वकील

बाबासाहेबांची वकिली म्हटली की आपल्याला चवदार तळ्याचा दावा आठवतो. पण फौजदारी कोर्टात ते आरोपींच्या बाजूनेही उभे राहिले, याचा अर्थ आपण फारसा लावलेला नाही. ‘देशाचे दुश्मन’ या टिळक-चिपळूणकरांवरील जहाल पुस्तकापायी दिनकरराव जवळकर, केशवराव जेधे आदींवर पुण्यात अब्रुनुकसानीचा खटला झाला. खालच्या कोर्टात शिक्षा झाली. १९२६ साली अपिलात बाबासाहेब उभे राहिले आणि आरोपी सुटले. ही माणसे निदान ब्राह्मणेतर चळवळीतली, जवळची. १९३४ साली ‘समाजस्वास्थ्य’कार र. धों. कर्वे यांच्यावर अश्लीलतेचा खटला झाला, तेव्हा मात्र त्यांच्या बाजूने बोलून कुणाचीच वाहवा मिळणार नव्हती. वाचकांच्या लैंगिक प्रश्नांना उत्तरे देणे म्हणजे अश्लीलता नव्हे, असे बाबासाहेबांनी मांडले. खटला हरला. कर्व्यांना २०० रुपये दंड झाला. मला हा हरलेला खटलाच अधिक मोलाचा वाटतो.

सप्टेंबर १९४९ मध्ये त्यांनी घटना समितीत १५-अ हे कलम मांडले. अटक झालेल्या माणसाला पसंतीच्या वकिलाकडून बचाव करून घेण्याचा हक्क त्यातून आला. आज ते घटनेचे २२ वे कलम आहे.

चळवळीतली मुले म्हणतात, अत्याचार करणाऱ्यांचे वकीलपत्र कुणी घेऊच नये. हा संताप खोटा नाही. साक्षीला आलेल्या बाईला जातीवरून हिणवणारा वकील बचाव करीत नसतो. गावात झाले तेच तो कोर्टात पुढे चालवत असतो. पण वकीलपत्र नाकारण्याची रीत एकदा पडली की ती उलटते कुणावर? नाशिक जिल्ह्यातल्या २००३ च्या दरोडा, बलात्कार आणि खुनांच्या खटल्यात भटक्या जमातींतल्या सहा जणांना आरोपी केले गेले. २००९ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही सहाही जणांना फाशीच सुनावली. वास्तविक, त्या प्रसंगातून वाचलेल्या बाईने पोलिसांच्या अल्बममधून चार वेगळ्याच माणसांचे फोटो ओळखले होते. त्या चौघांचा पुढे तपासच झाला नाही. मार्च २०१९ मध्ये त्याच न्यायालयाने सहाही जणांना निर्दोष सोडले आणि प्रत्येकी ५ लाख रुपये भरपाई देण्याचा हुकूम केला. घटनेला तेव्हा सोळावे वर्ष चालू होते.

अशी एक नोंद पहिल्याच कोर्टात हुडकून तिच्यावर अडून बसायला वकील लागतो. आमची मुले कायदा शिकतात ती बहुधा सरकारी वकील किंवा न्यायाधीश व्हायला. आरोपीचे वकीलपत्र घेईन म्हणणारा विद्यार्थी मला विरळाच भेटतो.