शहाण्णव तास : एका पोत्याचा घटनाक्रम

गुरुवारी सकाळी सहा वाजता शंभर पिल्लांपैकी त्रेसष्ट मेलेली असतील. शेवट आधीच सांगून टाकलेला बरा, कारण प्रश्न शेवटाचा नाही, त्याआधीच्या शहाण्णव तासांचा आहे.

हा कोणा एका घरचा वृत्तांत नाही. कराडपासून पलूसपर्यंतच्या कृष्णाकाठावर, पडवीत पेंड आणि अंगणात बदकं असलेल्या कुठल्याही घरात हे असंच घडू शकतं. वेळा, घरातली माणसं आणि मेलेल्या पिल्लांचे आकडे हिशेबासाठी धरले आहेत. विष, लक्षणं आणि त्यांचा क्रम मात्र पशुवैद्यकशास्त्रात नोंदवलेला आहे.

३० दिवस आधी

परतीचा पाऊस. शेंगदाणा पेंडीचं पोतं पडवीत भिंतीला टेकवून थेट जमिनीवर ठेवलं आहे. शेजारी मक्याची दोन पोती. मका पुरता वाळायच्या आत भरला गेला. साठवणीच्या मक्यात ओल १२-१३ टक्क्यांच्या वर नसावी. मोजायचं यंत्र घरात नाही, आणि दाणा दाताखाली चावून बघायचं राहून गेलं.

हवा दमट, तापमान २५ ते ३५ अंशांच्या दरम्यान. ॲस्परजिलस फ्लेव्हस या बुरशीला एवढं पुरतं. पोत्याखाली विटा आणि फळी असती, तर भिंतीची ओल पेंडीपर्यंत पोचली नसती.

१२ दिवस आधी, सकाळी ११

ऊन पडलं. पेंड ताडपत्रीवर पसरली. ढेपांवर हिरवट-पिवळी भुकटी आहे, कुबट वास आहे. भुकटी झाडून काढली. "ऊन लागलं की जातंय सगळं," घरातली बाई म्हणाली.

उन्हाने बुरशी सुकते. तिने तयार केलेलं ॲफ्लाटॉक्सिन जात नाही. पेंड उकळली तरी ते बऱ्याच अंशी टिकतं. त्याला रंग नाही, चव नाही. संध्याकाळी पेंड पुन्हा त्याच पोत्यात भरली.

९ दिवस आधी, दुपारी १२

खाकी कॅम्पबेलची शंभर पिल्लं आली, एक दिवसाची. ब्रूडरमध्ये बल्ब, खाली भाताचं तूस, तापमान ३२ अंशांच्या आसपास. पाण्याची भांडी इतकी खोल की पिल्लाला चोच नाकपुड्यांपर्यंत बुडवता येईल, पण अंग भिजणार नाही. खायला विकतचं स्टार्टर खाद्य. सगळं नीट झालं आहे. पहिले पाच दिवस एकही पिल्लू मेलं नाही.

९६ तास आधी : रविवार, सकाळी ६

स्टार्टरचं पोतं संपलं. नवं आणायला तालुक्याला जावं लागणार, आणि घरात खाद्य पडून आहे. सहा किलो मक्याचा भरडा, तीन किलो शेंगदाणा पेंड, एक किलो भाताचा कोंडा. मिश्रण ओलं करून ताटांत वाढलं. पंधरा मिनिटांत ताटं रिकामी झाली.

त्याच पोत्यातली दोन किलो पेंड गाईच्या आंबोणात गेली.

एका दिवसाच्या पन्नास ग्रॅम वजनाच्या बदकाच्या पिल्लाला मारायला सुमारे १८ मायक्रोग्रॅम ॲफ्लाटॉक्सिन बी-वन पुरतं. एका ग्रॅमचे पंचावन्न हजार भाग केले, तर त्यातला एक. कोंबडीच्या पिल्लाला वजनाच्या मानाने याच्या कित्येक पट विष लागतं. त्यामुळे "कोंबड्यांना हेच घालतो, काही होत नाही" हा अनुभव खरा असला, तरी बदकाच्या पिल्लांना लागू पडत नाही.

७२ तास आधी : सोमवार, सकाळी ६

ताटांत निम्मं खाद्य शिल्लक आहे.

हा पहिला इशारा. या वयाचं बदकाचं पिल्लू सहसा खाद्य सोडत नाही. काही पिल्लं बल्बखाली डोळे मिटून बसली आहेत. रात्री पाऊस झाला होता. "गारठली असतील," मुलगा म्हणाला. त्याने बल्ब वीतभर खाली घेतला.

गारठलेली पिल्लं एकमेकांवर चढून दाटी करतात आणि ऊब मिळाली की खायला धावतात. ही ऊब मिळूनही ताटाकडे गेली नाहीत. या तासाला खाद्य बदललं असतं, तर बहुतेक पिल्लं वाचण्याची शक्यता होती. ॲफ्लाटॉक्सिनवर उतारा नाही. विषारी खाद्य थांबवणं हाच उपचाराचा पाया, आणि तो जितका लवकर तितका उपयोगी.

६० तास आधी : सोमवार, संध्याकाळी ६

शिल्लक खाद्य टाकून न देता त्यातच पाणी घालून पुन्हा वाढलं. भुकेने पिल्लांनी थोडं खाल्लं.

४८ तास आधी : मंगळवार, सकाळी ६

आवाज बदलला आहे. एरवीची एकसारखी चिवचिव नाही, मध्येच ताणलेला, चिरका सूर लागतो. काही पिल्लं एकमेकांची पिसं उपटत आहेत. दाटी झाली असेल म्हणून ब्रूडरचा घेर वाढवला.

३८ तास आधी : मंगळवार, दुपारी ४

तीन पिल्लं लंगडतात. त्यांच्या पायांवर आणि पडद्यांवर जांभळट छटा आहे. कातडीखाली रक्त उतरल्याची ही खूण.

शेजाऱ्याने सांगितलं, "व्हिटॅमिन कमी पडलंय." ही शंका अगदीच अस्थानी नव्हती. बदकाच्या पिल्लांना नायसिनची गरज कोंबडीच्या पिल्लांपेक्षा बरीच जास्त असते, आणि मक्यातलं नायसिन त्यांच्या अंगी फारसं लागत नाही. कमतरता झाली की पाय वाकतात, सांधे सुजतात. पण त्याला बरेच दिवस लागतात. इथे दोन दिवसांत पाय जांभळे झाले, आणि खाद्य आधी सुटलं, लंगडणं नंतर आलं. हा क्रम कोणी मनात मांडून पाहिला नाही.

पाण्यात व्हिटॅमिनची पुडी गेली. ताटात तेच खाद्य राहिलं.

२४ तास आधी : बुधवार, सकाळी ६

दोन पिल्लं मेलेली सापडली. ती उसाच्या बांधापलीकडे टाकून दिली.

पशुवैद्याला हवा असलेला सर्वांत मोठा पुरावा असा गेला. ताजं मेलेलं पिल्लू प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून बर्फात ठेवायचं, गोठवायचं नाही. सोबत खाद्याचा अर्धा किलो नमुना कागदी पिशवीत, पोत्याच्या वर, मध्ये आणि तळाशी हात घालून काढलेला. पोत्यात विष सगळीकडे सारखं नसतं. एक मूठ स्वच्छ निघते, दुसरी जीवघेणी.

मर कशाची आहे हे अंदाजाने ठरवण्याची किंमत महाराष्ट्राने मोजली आहे. २००६ साली नंदुरबार जिल्ह्यातल्या नवापुरात जानेवारीच्या अखेरीपासून कोंबड्या मरत होत्या आणि ती मर राणीखेतची समजली जात होती. १८ फेब्रुवारीला भोपाळच्या प्रयोगशाळेच्या निदानावरून तो बर्ड फ्लू असल्याचं जाहीर झालं. भारतातला हा पहिलाच उद्रेक. तोवर हजारो पक्षी मेले होते. पुढे लाखो मारावे लागले.

२० तास आधी : बुधवार, सकाळी १०

मेलेली पिल्लं चार झाली. मागे कोंबड्यांसाठी आणलेल्या प्रतिजैविकाची उरलेली भुकटी पाण्यात मिसळली. प्रतिजैविक जिवाणूंवर काम करतं. इथे जिवाणू नाहीत. यकृतावर आधीच विषाचा भार आहे, त्यावर आणखी एका औषधाचा पडला.

१३ तास आधी : बुधवार, संध्याकाळी ५

अकरा मेली. पशुवैद्यकीय दवाखाना बंद झाला असेल, असं घरात ठरलं. फिरत्या पशुवैद्यकीय पथकासाठी १९६२ हा टोल फ्री क्रमांक आहे. तो घरात कोणाला माहीत नाही. "उद्या सकाळी पहिल्यांदा तेच," मुलगा म्हणाला.

रात्रीचं खाद्य वाढलं. त्याच पोत्यातलं.

७ तास आधी : बुधवार, रात्री ११

पिल्लं तोल जाऊन कुशीवर पडत आहेत. पाय हवेत वल्ह्यासारखे हलतात. मान मागे वळून पाठीला टेकते, शरीर कमानीसारखं ताणतं. असा झटका आलेलं पिल्लू पुन्हा उभं राहण्याची आशा फार थोडी.

बदकाच्या पिल्लांना होणाऱ्या विषाणूजन्य यकृतदाहातही मान अशीच मागे वळते. तो रोग पहिल्या काही आठवड्यांच्या पिल्लांना होतो, झपाट्याने पसरतो, आणि लक्षणं दिसल्यावर तासाभरातही पिल्लू मरतं. दोन्ही आजार यकृतावर घाला घालतात. बाहेरून पाहून त्यांतला फरक कोणीही छातीठोकपणे सांगू नये.

० : गुरुवार, सकाळी ६

मेलेली त्रेसष्ट. जिवंत सदतीस, त्यांतली निम्मी उठू न शकणारी.

३ तासांनंतर : सकाळी ९

डॉक्टर आले. त्यांनी एक पिल्लू तिथेच उघडलं. यकृत फिकट आणि वाढलेलं, त्यावर रक्तस्रावाचे ठिपके, मूत्रपिंडं सुजलेली. तीन पिल्लं बर्फात घातली. नमुने पुण्याला औंधच्या रोग अन्वेषण विभागात जातील. सातारा जिल्ह्यात शिरवळला क्रांतिसिंह नाना पाटील पशुवैद्यक महाविद्यालयही आहे. तिथेही विचारता येतं.

अहवालाची वाट न पाहता त्यांनी ताटं उचलायला लावली. ताजं स्टार्टर खाद्य, स्वच्छ पाणी, ग्लुकोज, जीवनसत्त्वं, ऊब. जी पिल्लं अजून चोच हलवतात त्यांच्यासाठी एवढंच. पुढच्या दोन दिवसांत आणखी चौदा गेली. तेवीस जगली.

मग ते पोत्याकडे गेले. ढेप फोडली, वास घेतला आणि विचारलं, "ही पेंड आणखी कुणाला घालता, ताई?"

"गाईला, डॉक्टर. रोजच."

"आणि दूध?"

"पोरं पितात. उरलेलं डेअरीला."

याच वेळी, गोठ्यात

गाईने बी-वन खाल्लं की त्याचा थोडा अंश एम-वन या रूपात दुधात उतरतो. तो पुढच्याच दिवसाच्या दुधात सापडू शकतो. दूध तापवून तो जात नाही. भारतात दुधातल्या एम-वनची मर्यादा किलोमागे अर्धा मायक्रोग्रॅम आहे. पिल्लं पडत होती तेव्हा गाय नीट रवंथ करत होती आणि दूध नेहमीएवढंच देत होती.

जगाने हे विष ओळखलं तेही पक्ष्यांमुळे. १९६० साली इंग्लंडमध्ये लाखावर टर्की पक्षी काही महिन्यांत मेले, बदकाची पिल्लंही मेली. आधी नवा संसर्ग समजला गेला. माग ब्राझीलहून आलेल्या शेंगदाणा पेंडीपर्यंत पोचला. पुढे कित्येक वर्षं एखाद्या पेंडीत हे विष आहे का हे तपासायला बदकाचं पिल्लूच वापरलं जाई, इतकं ते संवेदनशील. १९७४ साली राजस्थानातल्या बांसवाडा आणि गुजरातेतल्या पंचमहाल भागात बुरसटलेल्या मक्याने १०६ माणसं दगावली. त्या गावांतली कुत्रीही याच विकाराने मेली होती.

४ तासांनंतर : सकाळी १०

पोतं गोठ्यापासून दूर नेऊन पुरलं. दुसऱ्याला विकलं नाही, चांगल्या पेंडीत मिसळून संपवलं नाही. अख्ख्या घटनाक्रमात वेळेवर झालेला हा पहिला निर्णय. गाईचं खाद्य बदललं की तीन-चार दिवसांत दुधातलं एम-वन बरंचसं खाली येतं. तोवर दूध पोरांना द्यायचं नाही, डेअरीलाही घालायचं नाही, असं डॉक्टरांनी दोनदा बजावलं.

पिल्लांनी सोमवारी सकाळी सहा वाजता ताट अर्धं ठेवलं होतं. गाईला, पोरांना आणि डेअरीला जोडणाऱ्या पोत्याबद्दल घराला मिळालेली ती पहिली खबर होती, आणि ती वाचायला कसलंच यंत्र लागत नव्हतं. बदकाच्या पिल्लाने खाद्य सोडलं, तर हवामानाचा विचार नंतर करा. आधी ताट उचला, पोत्यात हात घाला आणि १९६२ ला फोन लावा. त्या एका सकाळी एवढं झालं असतं, तर सोमवारपासूनची पेंड गाईच्याही पोटात गेली नसती.