न पोहोचलेली नौका : ऑर्सन वेल्स यांचा अपूर्ण सागरी थरारपट

#थ्रेड

१/ भर समुद्रात दोन नौका, पाच माणसे, त्यांतला एक खुनशी. एवढ्या अल्प सामग्रीवर चित्रपट सहज पूर्ण व्हावा. तरीही ‘सिटिझन केन’च्या दिग्दर्शकाला तो तडीस नेता आला नाही. ही त्या ‘द डीप’ची कहाणी.

२/ मूळ कथा अमेरिकन लेखक चार्ल्स विल्यम्स यांच्या ‘डेड काम’ (१९६३) या कादंबरीतील. शीडनौकेवरील एका दांपत्याला समुद्रात एक तरुण भेटतो. आपली नौका बुडत असून सोबतचे सारे मृत्यू पावले आहेत, असे तो सांगतो.

३/ पतीला संशय येतो. तो त्या बुडत्या नौकेवर जातो, तर तिथे माणसे जिवंत! इकडे तो तरुण त्याची नौका आणि पत्नी दोन्ही घेऊन पसार होतो. गुन्हेगार एका नौकेवर, सत्य दुसऱ्या नौकेवर आणि मध्ये केवळ पाणी.

४/ १९४१ मध्ये ‘सिटिझन केन’ आला, तेव्हा वेल्स पंचविशीत होते. साठच्या दशकात मात्र हॉलिवूडची दारे त्यांच्यासाठी जवळपास बंद झाली होती. इतरांच्या चित्रपटांत अभिनय करायचा आणि ते मानधन स्वतःच्या चित्रपटांत ओतायचे, हा त्यांचा शिरस्ता झाला होता.

५/ अशा वेळी कमी खर्चाचा, प्रेक्षकांना खिळवून ठेवणारा थरारपट हा व्यवहारी विचार होता. तत्कालीन युगोस्लाव्हियाच्या, म्हणजे आजच्या क्रोएशियाच्या, किनाऱ्याजवळ साठच्या दशकाच्या उत्तरार्धात चित्रीकरण झाले.

६/ कलावंत मात्र लहान नव्हते. लॉरेन्स हार्वी, जान मोरो, मायकेल ब्रायंट, ओया कोदार आणि स्वतः वेल्स. भव्य सेट नाहीत, जमाव नाही. खर्चाचा मोठा भार इथेच हलका झाला.

७/ परंतु समुद्र स्वस्त नसतो. ऊन सरकते, वारा फिरतो, लाटांचा रंग पालटतो. सकाळचे दृश्य दुपारच्या दृश्याशी जुळत नाही. वारा आणि इंजिन यांच्या आवाजात संवाद हरवतात, म्हणून ते नंतर ध्वनिमुद्रित करावे लागतात. पैसा तुकड्यातुकड्यांनी येत असेल, तर ही प्रत्येक अडचण दुप्पट होते.

८/ अखेरीस नौकेच्या स्फोटाचे दृश्य चित्रित व्हायचे राहिले. मोरो यांच्या संवादांचे डबिंगही राहिले. १९७३ मध्ये हार्वी यांचे निधन झाले. १० ऑक्टोबर १९८५ रोजी वेल्सही गेले.

९/ त्यानंतर कथेचे हक्क ऑस्ट्रेलियात पोहोचले. फिलिप नॉइस यांचा ‘डेड काम’ १९८९ मध्ये झळकला. सॅम नील, बिली झेन आणि निकोल किडमन हे त्याचे प्रमुख कलाकार. बुडत्या नौकेवरील जिवंत पात्रे येथे वगळली गेली आणि सारा संघर्ष तिघांवर आला. किडमन यांना या भूमिकेने जगभर ओळख मिळवून दिली.

१०/ मग वेल्स यांच्या चित्रपटाचे काय उरले? मूळ निगेटिव्ह हरवली. म्युनिकच्या चित्रपट संग्रहालयात उरल्या त्या ‘वर्कप्रिंट’, म्हणजे संकलनासाठी काढलेल्या कामचलाऊ प्रती. काही भाग रंगीत, काही कृष्णधवल, ध्वनी अपुरा.

११/ हा फरक इतिहासाच्या अभ्यासकाने ध्यानात ठेवावा. वेल्स यांचाच ‘द अदर साइड ऑफ द विंड’ त्यांच्या मृत्यूनंतर ३३ वर्षांनी, २०१८ मध्ये पूर्ण झाला, कारण त्याची निगेटिव्ह पॅरिसमध्ये सुरक्षित होती. ‘द डीप’ला ते भाग्य लाभले नाही.

१२/ कलाकृती प्रतिभेने जन्मते. पुढच्या पिढ्यांपर्यंत तिला पोहोचवतो तो कोणीतरी सांभाळून ठेवलेला डबा. जुन्या पोथीची एकमेव प्रत वाळवीने खाल्ली, तर तिचा कर्ता कितीही थोर असो, उरते ते केवळ नाव. ‘द डीप’ची थोडी पाने तरी वाचली आहेत.

#चित्रपटइतिहास