करवीर दरबार आणि चार जॉर्ज : एका अभ्यासक्षेत्राची प्रस्तावना

१ ऑगस्ट १७१४ रोजी लंडनमध्ये राणी ॲन निपुत्रिक वारली आणि हॅनोव्हरचा जर्मन राजपुत्र जॉर्ज ब्रिटनच्या गादीवर आला. नात्याने त्याच्यापेक्षा जवळचे पन्नासहून अधिक वारस हयात होते. ते कॅथलिक असल्यामुळे पार्लमेंटने १७०१ च्या कायद्यानेच त्यांचा हक्क बाद करून ठेवला होता. त्याच १७१४ मध्ये पन्हाळ्यावर राजसबाईंनी आपली सवत ताराबाई आणि त्यांचा मुलगा शिवाजी यांना कैदेत टाकले आणि आपला मुलगा संभाजी याला करवीरच्या, म्हणजे कोल्हापूरच्या, गादीवर बसवले. रामचंद्रपंत अमात्यांचा या उलथापालथीला पाठिंबा होता, असे बहुतेक अभ्यासक मानतात.

या दोन घटनांचा एकमेकींशी काही संबंध नाही. तरीही एकाच वर्षी दोन्हीकडे एकच प्रश्न उभा होता: गादीवर कोणी बसायचे हे रक्त ठरवते, की गादीभोवतीची मातब्बर माणसे? ब्रिटनमध्ये चार जॉर्ज राजांचा काळ १८३० मध्ये संपला. काही इतिहासकार तो चौथ्या विल्यमच्या मृत्यूपर्यंत, म्हणजे १८३७ पर्यंत नेतात. करवीरात बुवासाहेब महाराज १८३८ मध्ये वारले. ज्याला इंग्रज 'जॉर्जियन' म्हणतात तो काळ कोल्हापुरातही जवळजवळ त्याच वर्षांच्या चौकटीत बसतो. या चौकटीत करवीर दरबार आणि त्याचे सरदार यांचा अभ्यास करू इच्छिणाऱ्या नव्या वाचकासाठी ही प्रस्तावना आहे.

आधी ब्रिटनच्या अमीर-उमरावांची थोडी ओळख करून घेऊ. त्यांच्याविषयीच्या आपल्या कल्पना कादंबऱ्या आणि पडद्यावरच्या नृत्यसभांवर पोसलेल्या असतात. अठराव्या शतकाच्या बऱ्याच काळात लॉर्ड पदवीधारकांची संख्या दोनशेच्या आतबाहेर होती. जमीन आणि पदवी थोरल्या मुलाकडे जाई आणि मिळकत विकता किंवा वाटता येऊ नये म्हणून कायदेशीर करारांनी तिला पिढ्यान्‌पिढ्या जखडून ठेवले जाई. धाकट्या मुलांना सैन्य, चर्च, वकिली किंवा कंपनी सरकारची नोकरी पाहावी लागे. उमरावांची सत्ता लॉर्ड्सच्या सभागृहापुरती नव्हती. कॉमन्सच्या कितीतरी जागाही त्यांच्या खिशात असत. ओल्ड सॅरम या ओसाड टेकाडाला दोन खासदार होते, तर मँचेस्टरसारख्या वाढत्या शहराला १८३२ पर्यंत एकही नव्हता. हे ओल्ड सॅरम १६९१ मध्ये टॉमस पिट याने विकत घेतले होते. हिंदुस्थानच्या व्यापारात गबर झालेला हा माणूस पुढे मद्रासचा गव्हर्नर झाला. त्याचा नातू, थोरला विल्यम पिट, १७३५ मध्ये याच जागेवरून पार्लमेंटमध्ये शिरला. जॉर्जियन राजकारणाच्या पायात आपल्याकडचा पैसा किती खोल गेला होता, हे या एका जागेवरून कळते.

करवीरची घडण वेगळी होती आणि हा वेगळेपणा समजून घेणे ही या क्षेत्रातली पहिली पायरी. सरंजाम चाकरीसाठी मिळे. धनी बदलला, मर्जी फिरली, वारस दत्तक निघाला, की तो पुन्हा मागून घ्यावा लागे आणि नजराणा मोजावा लागे. वतन मात्र वंशपरंपरेचे होते आणि भाऊबंदांत त्याची वाटणी होई. त्यामुळे मराठा सरदाराची दौलत इंग्रज लॉर्डच्या मिळकतीसारखी एका हाती गोठलेली नसे. ती पसरे, तुटे आणि नव्याने जोडावी लागे. तिच्या जोडणीत लग्न, दत्तक आणि कर्ज यांचे वजन तलवारीइतकेच होते. विशाळगडचे प्रतिनिधी, बावड्याचे अमात्य, कापशीचे सेनापती घोरपडे, कागलचे घाटगे, इचलकरंजीचे घोरपडे, तोरगलचे शिंदे, हिंमतबहाद्दर चव्हाण, सरलष्कर निंबाळकर ही घराणी कोल्हापूरकरांच्या ओळखीची आहेत. पण ती ओळख वाडे, वेशी आणि दसऱ्याच्या मानापानापुरती राहिली आहे. या घराण्यांचे एकमेकांशी असलेले नातेसंबंध, त्यांची देणीघेणी आणि बदलत्या निष्ठा यांचा सलग अभ्यास अजून व्हायचा आहे, असे मला वाटते.

इंग्रजीत असा अभ्यास झालेला आहे. १९२९ मध्ये लुईस नेमियर यांनी तिसऱ्या जॉर्जच्या राज्यारोहणाच्या वेळच्या राजकारणावर ग्रंथ लिहिला. व्हिग आणि टोरी ही पक्षांची नावे बाजूला ठेवून त्यांनी खासदार एकेक करून तपासले. कोण कोणाचा मेहुणा, कोणाची जागा कोणाच्या कृपेची, कोणाला कुठले वेतन, हे त्यांनी मांडले. त्यांच्या निष्कर्षांवर पुढे पुष्कळ टीका झाली आणि ती योग्यही होती, कारण माणसे केवळ स्वार्थासाठी राजकारण करत नाहीत. पद्धत मात्र टिकली. करवीरच्या दरबाराला ही पद्धत लावली, तर 'फितुरी' आणि 'स्वामिनिष्ठा' या दोन शिक्क्यांत बसवलेली पुष्कळ माणसे नव्याने दिसू लागतील.

इचलकरंजीचे उदाहरण घ्या. घराण्याचे मूळ पुरुष नारो महादेव जोशी. आपले धनी संताजी घोरपडे यांचे आडनाव त्यांनी स्वतःला लावले. त्यांचे पुत्र व्यंकटराव यांचे लग्न बाळाजी विश्वनाथ पेशव्यांची कन्या अनुबाई यांच्याशी झाले. म्हणजे ब्राह्मण कुळ, मराठा सेनापतीचे आडनाव, जहागीर करवीरच्या मुलखात आणि सासुरवाडी पुण्याच्या पेशव्यांची. करवीर आणि पुणे यांच्यात वाकडे आले, तेव्हा या घराण्याने कोणाकडे पाहायचे? अनुबाईंच्या हयातीतला इचलकरंजीचा कारभार हा या प्रश्नाचे पिढीभर चाललेले उत्तर आहे. वासुदेवशास्त्री खरे यांनी १९१३ मध्ये या संस्थानचा इतिहास लिहिला. तो अजूनही पहिल्यांदा उघडण्याजोगा ग्रंथ आहे. दुसरे उदाहरण कागलचे. सर्जेराव घाटग्यांची मुलगी बायजाबाई १७९८ मध्ये दौलतराव शिंद्यांना दिली गेली आणि दूधगंगेकाठच्या या घराण्याचा हात थेट ग्वाल्हेरपर्यंत पोहोचला. जॉर्जियन उमरावांची लग्ने ज्या बारकाईने अभ्यासली गेली, त्याच बारकाईने हे लग्न पाहायला हवे.

माझ्या मते या क्षेत्राचे सर्वांत समृद्ध दालन स्त्रियांचे आहे. पहिल्या जॉर्जने आपली पत्नी सोफिया डोरोथिया हिला आल्डेनच्या गढीत कोंडले होते. १७२६ मध्ये ती तिथेच वारली. तीस वर्षांहून अधिक काळ चाललेल्या त्या कैदेत तिला आपल्या मुलांचे तोंडही पाहता आले नाही. ताराबाईही कैदेत होत्या. पण १७३१ मध्ये वारणेच्या तहाने सातारा आणि करवीरची हद्द ठरली, तोवर त्या साताऱ्याला गेल्या होत्या आणि पुढे तिथल्या राजकारणात पुन्हा उभ्या राहिल्या. १७६१ मध्ये त्या वारल्या, तेव्हा चार पेशव्यांची कारकीर्द त्यांनी पाहिली होती. इंग्रज कायद्यात विवाहित स्त्रीची मालमत्ता नवऱ्याच्या नावात विरून जाई. करवीरची राजविधवा मात्र शिक्क्याची मालकीण होऊ शकत असे.

संभाजी महाराज १७६० मध्ये वारले. दोन्ही गाद्या एक करण्याचा पेशव्यांचा मनसुबा होता. त्यापुढे संभाजी महाराजांच्या राणी जिजाबाई ठाम राहिल्या, १७६२ मध्ये खानवटकर भोसल्यांचा मुलगा दत्तक घेऊन त्यांनी गादी राखली आणि १७७३ पर्यंत कारभार केला. याचे गोडवे गाताना सावध राहायला हवे. त्यांचे बळ विधवापणातून आणि दत्तक आईच्या नात्यातून आले होते. वाड्यातल्या इतर राण्यांच्या, दासींच्या आणि कुळंबिणींच्या वाट्याला असे बळ आले नाही. जिजाबाईंची कागदपत्रे आप्पासाहेब पवारांनी संपादित केली आणि शिवाजी विद्यापीठाने ती प्रसिद्ध केली. ताराबाईकालीन कागदपत्रांचे खंडही त्यांचेच. डॉ. जयसिंगराव पवारांचे ताराबाईंवरचे लेखन त्यांच्या जोडीने वाचावे. या खंडांतल्या अगदी कोरड्या यादीतही खर्च कोणाच्या हुकमाने झाला हे दिसते आणि हुकूम कोणाचा चालतो हेच सत्तेच्या अभ्यासात पाहायचे असते.

आता दोन जगांची गाठ कुठे पडते ते पाहू. रामचंद्रपंतांच्या नावे असलेल्या, १७१५ च्या सुमारास सिद्ध झालेल्या आज्ञापत्रात टोपीकरांबद्दल, म्हणजे युरोपीय व्यापाऱ्यांबद्दल, स्पष्ट इशारा आहे. हे लोक इतर सावकारांसारखे नाहीत, त्यांच्या मागे राजे आहेत, म्हणून समुद्रकाठी त्यांना बळकट जागा देऊ नये, असा त्याचा आशय. १७६५ मध्ये मुंबईकर इंग्रजांनी सिंधुदुर्ग घेतला आणि त्याला 'फोर्ट ऑगस्टस' हे नाव दिले. याच नावाचा एक किल्ला स्कॉटलंडच्या डोंगराळ मुलखात आहे. जॉर्ज राजांविरुद्ध उठणाऱ्या हायलँडर टोळ्यांना दाबण्यासाठी तो बांधला होता. दोन्ही किल्ल्यांच्या नावातला हा सारखेपणा मला महत्त्वाचा वाटतो. ज्या राज्यसंस्थेने १७४६ मध्ये कलोडनच्या मैदानावर स्वतःच्याच प्रजेचे बंड मोडले, तीच वीस वर्षांच्या आत मालवणच्या किनाऱ्यावर होती. १७६६ च्या तहाने किल्ला करवीरकडे परत आला, पण १८१२ च्या तहाने कायमचा गेला. त्या तहाने करवीरने मालवण सोडले, चिकोडी-मनोळीवरचा हक्क सोडला आणि कंपनीच्या परवानगीशिवाय लढाई न करण्याचे कबूल केले.

त्या वेळी पुण्याला रेसिडेंट होते माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन, अकराव्या लॉर्ड एल्फिन्स्टनचे चौथे पुत्र. थोरल्याला पदवी मिळाली आणि चौथ्याला विशीही ओलांडायच्या आत हिंदुस्थानच्या जहाजात बसवले गेले. जमीन थोरल्याला देण्याच्या स्कॉटिश उमरावी रीतीचा एक परिणाम असा करवीरच्या तहापर्यंत येऊन पोहोचला. १८२६ ते १८२९ च्या तहांनी तर गादी आणि सरदार यांचे नातेच बदलून टाकले. बुवासाहेबांचे सैन्य ४०० घोडेस्वार आणि ८०० पायदळावर आणले गेले आणि कागल, इचलकरंजीसारख्या घराण्यांच्या हक्कांची हमी कंपनीने घेतली. ज्या सरदाराने धन्याच्या मर्जीकडे पाहायचे, तो आता परक्या सरकारच्या कागदाकडे पाहू लागला. करवीरच्या सरंजामशाहीला इंग्रजी जमीनदारीचे वळण लागले ते इथून.

वाहतूक एकाच दिशेने नव्हती, हेही विसरू नये. राघोबादादांचा वकील हणमंतराव १७८१ मध्ये लंडनमध्ये होता. एडमंड बर्कने त्याला आणि सोबतच्या पारशी सहकाऱ्यांना बीकन्सफील्डच्या आपल्या घरी नेले. ब्राह्मण पाहुण्याला स्वयंपाक आणि स्नानसंध्या सोवळ्यात करता यावी म्हणून आपल्या बागेतले काचघर त्याला दिले. याच बर्कने पुढे वॉरन हेस्टिंग्जवरचा खटला चालवला. १७८८ ते १७९५ अशी सात वर्षे तो चालला आणि हेस्टिंग्ज सुटला. हिंदुस्थानचा प्रश्न ब्रिटिश पार्लमेंटच्या मध्यभागी आला तो या वर्षांत, आणि त्याच सुमारास, १७९२ मध्ये, करवीर दरबार मालवण आणि कोल्हापुरात वखार घालण्याची मुभा कंपनीला देत होता.

साधनांविषयी थोडे. मोडी आल्याशिवाय या क्षेत्रात पाऊल टाकू नये. ती काही महिन्यांच्या सरावाने येते, त्यामुळे बिचकण्याचे कारण नाही. कोल्हापूरचे पुराभिलेखागार, पुण्याचे पेशवे दफ्तर आणि भारत इतिहास संशोधक मंडळ, लंडनच्या ब्रिटिश लायब्ररीतले इंडिया ऑफिसचे दप्तर ही मुख्य ठिकाणे. तारखांची काळजी घ्यावी. आपल्या पत्रांत शक आणि सुहूर सन येतात. इंग्रजांनीही सप्टेंबर १७५२ मध्ये ११ दिवस गाळून नवे पंचांग स्वीकारले, त्यामुळे त्याआधीचे इंग्रजी पत्र आणि मराठी पत्र शेजारी ठेवताना तेवढा फरक धरावा लागतो. शब्दही जपून घ्यावेत. मालवणचे आरमार कंपनीच्या कागदांत चाचे म्हणून येते. करवीरच्या दृष्टीने दस्तक नसलेले जहाज अडवणे हा दरबारचा अधिकार होता आणि शत्रूची गलबते लुटण्याचे परवाने खुद्द जॉर्ज राजेही आपल्या दर्यावर्दींना देत असत. मेजर ग्रॅहम यांचा १८५४ चा कोल्हापूरवरचा अहवाल माहितीने भरलेला आहे, पण जिजाबाईंच्या काळातल्या पन्हाळ्यावरच्या नरबळींच्या कथा त्यात ज्या खात्रीने येतात, ती खात्री आपण उसनी घेऊ नये. आधी जिजाबाईंची स्वतःची पत्रे वाचावीत. मग खरेशास्त्रींच्या ऐतिहासिक लेखसंग्रहातली पटवर्धनांची पत्रे घ्यावीत. ती करवीरच्या शत्रूची आहेत, म्हणून रागाने लिहिलेली आणि फार बारकाईने पाहिलेली आहेत. ग्रॅहम त्यानंतर उघडावा.

करण्याजोगी कामे समोर पडली आहेत. वर सांगितलेल्या घराण्यांची १७१४ ते १८३८ मधली सगळी लग्ने आणि दत्तके एका तक्त्यात मांडलेली नाहीत. गादीला आणि सरदारांना कर्जे देणाऱ्या सावकारांवर स्वतंत्र ग्रंथ हवा. गडकऱ्यांच्या तैनातीचे कागद वाचले, तर १८४४ च्या त्यांच्या उठावाची मुळे किती मागे जातात ते कळेल. यातले एक काम ज्याला आवडेल त्याने तेच घ्यावे आणि एका घराण्याच्या एका पिढीपासून सुरुवात करावी.