एका अक्षराचा अपराध : ललिता पवार यांची आनंदीबाई

मराठी चित्रपटाच्या इतिहासलेखनात दुय्यम भूमिकांचा विचार प्रायः नामावलीच्या पातळीवरच थांबतो. साहित्यातून आलेल्या ऐतिहासिक चित्रपटांबाबत ही उणीव अधिक जाणवते. कारण तेथे नायक आदर्शाचे प्रतिनिधित्व करतो, तर इतिहासाचा दोष बहुधा दुय्यम पात्राच्या माथी येतो. 'प्रभात'च्या 'रामशास्त्री' (१९४४) या चित्रपटातील ललिता पवार यांची आनंदीबाई या दृष्टीने तपासण्यासारखी आहे.

३० ऑगस्ट १७७३ रोजी शनिवारवाड्यात नारायणराव पेशव्यांचा खून झाला. या घटनेची पूर्वपीठिका गुंतागुंतीची आहे. राघोबादादांची सत्ताकांक्षा, धोडपचा पराभव (१७६८), त्यानंतरची नजरकैद आणि गारद्यांचा थकलेला पगार अशी अनेक कारणे तिच्यामागे दिसतात. लोकस्मृतीने मात्र हा सारा पट एका अक्षरात आणून ठेवला : आनंदीबाईने 'धरावे'च्या जागी 'मारावे' केले. ही आख्यायिका आहे, सिद्ध झालेला पुरावा नव्हे. तरीही तिच्यातील नाट्य इतके प्रभावी आहे, की सत्तासंघर्षाची राजकीय कारणे मागे पडतात आणि एका स्त्रीची दुर्बुद्धी तेवढी उरते.

खाडिलकरांच्या 'भाऊबंदकी'ने (१९०९) या प्रतिमेला वाङ्मयीन प्रतिष्ठा दिली. तेथील आनंदीबाईत लेडी मॅक्बेथची छाया पाहणे अवघड नाही. परंतु शेक्सपिअरच्या नायिकेला स्वतःच्या अपराधाचे ओझे वाहणारे अंतरंग आहे. मराठी परंपरेतील आनंदीबाई बव्हंशी कारस्थानापुरतीच उरते. चित्रपटात तर कथेचा केंद्रबिंदूच न्यायाधीश आहे. गजानन जागीरदारांच्या रामशास्त्र्यांचा निःस्पृहपणा उजळण्यासाठी त्याच तोलाचा अंधार आवश्यक ठरतो, आणि तो पुरविण्याचे काम प्रामुख्याने या भूमिकेकडे येते.

ललिता पवार यांच्या कारकिर्दीचे वळण येथे लक्षात घ्यावे लागते. मूकपटापासून नायिका म्हणून वावरलेल्या या अभिनेत्रीने टॉलस्टॉयच्या 'रिझरेक्शन'वर आधारलेल्या 'दुनिया क्या है' (१९३७) या चित्रपटाची निर्मिती केली आणि त्यात प्रमुख भूमिकाही केली. १९४२ च्या सुमारास चित्रीकरणाच्या वेळी झालेल्या अपघाताने त्यांचा डावा डोळा कायमचा अधू झाला आणि नायिकेचा मार्ग बंद झाला. पुढे हाच डोळा खलत्वाचे चिन्ह म्हणून वाचला गेला. शारीरिक इजेला नैतिक अर्थ चिकटविण्याची ही प्रक्रिया अभिनेत्रीच्या गुणवत्तेइतकीच प्रेक्षकांच्या संस्कारांविषयी बोलते. 'अनाडी'तील (१९५९) वरून कठोर, आतून वत्सल मिसेस डिसा याच चेहऱ्याने साकारली आणि तिला साहाय्यक अभिनेत्रीचा फिल्मफेअर पुरस्कार लाभला, हे या संदर्भात पुरेसे बोलके आहे.

१९८७ साली दूरदर्शनवरील 'रामायण' मालिकेत त्या मंथरा झाल्या. आनंदीबाई आणि मंथरा यांच्यातील साम्य केवळ अभिनेत्रीपुरते नाही. दोन्ही कथांत वारसाहक्काचा राजकीय पेच आहे. दोन्हींत पुरुषाचे दौर्बल्य क्षम्य ठरते आणि स्त्रीचा शब्द अक्षम्य. ही कथनाची रचना आहे, आणि तिच्यात बसेल असा चेहरा चित्रपटसृष्टीने निवडला.

नांदेडच्या नरहर कुरुंदकरांनी 'श्रीमान योगी'ला लिहिलेल्या प्रदीर्घ प्रस्तावनेनंतर ऐतिहासिक ललितकृतीची चर्चा पुराव्याचा प्रश्न टाळून करता येत नाही. हा प्रश्न नायकांपुरता मर्यादित ठेवण्याचे मात्र कारण नाही. थोर पुरुषांविषयीच्या दंतकथा जितक्या काटेकोरपणे तपासल्या जातात, तितक्याच काटेकोरपणे दोषी ठरलेल्या स्त्रियांविषयीच्याही तपासल्या पाहिजेत. ललिता पवार यांचा अभिनय आख्यायिकेला देह देतो, म्हणून ती अधिक खरी वाटते. नेमके म्हणूनच त्या अभिनयाचे मोल मान्य करूनही आख्यायिकेचे मोल वेगळे ठरवावे लागते. रामशास्त्र्यांच्या नावाने सांगितल्या जाणाऱ्या कथेत आनंदीबाईची बाजू ऐकून घेणे अजून बाकी आहे.