नांदीकार वनराज भाटिया

जुन्या संगीत नाटकांत नांदी झाल्यावांचून खेळास आरंभ होत नसे. प्रेक्षक आपापल्या जागा शोधीत असत, कोणी पान जमवीत असे, मुलें रडत असत. आणि नांदीचे स्वर कानीं पडतांच तो गलबला शमून मन रंगभूमीकडे वळे. हें काम दिसावयास किरकोळ, परंतु करावयास अवघड. चित्रपट व दूरदर्शन यांच्या युगांत तें शीर्षकसंगीताकडे आलें. आणि आमच्या मतें आपल्या देशांत तें ज्यांनीं सर्वांहून उत्तम केलें, त्या वनराज भाटिया यांच्याविषयीं येथें चार शब्द लिहावयाचे आहेत.

भाटिया यांचा जन्म ३१ मे १९२७ रोजीं झाला. मुंबईंत प्रो. बा. र. देवधर यांच्या संगीतविद्यालयांत त्यांनीं हिंदुस्थानी संगीताचे धडे घेतले. कुमार गंधर्व घडले तें हेंच विद्यालय. पुढें चायकोव्हस्कीची एक पियानोरचना कानीं पडली आणि मुलगा जो पाश्चात्य संगीताकडे वळला तो वळलाच. १९४९ सालीं एलफिन्स्टन कॉलेजांतून इंग्रजी घेऊन एम. ए. झाल्यावर ते लंडनच्या रॉयल अॅकॅडमी ऑफ म्यूझिकमध्यें गेले, १९५४ सालीं सुवर्णपदक मिळवून बाहेर पडले, आणि मग पॅरिसला नादिया बूलांजे यांच्याकडे शिकले. या बाई संगीतरचनेच्या थोर गुरु. अमेरिकेचे आरन कोपलंड हे त्यांचेच शिष्य. अनेक स्वरपंक्ती एकाच वेळीं स्वतंत्रपणें चालवून त्यांचा मेळ राखावयाचा, या शास्त्राचा त्यांच्याकडे कडक अभ्यास होत असे.

एवढी विद्या घेऊन भाटिया १९५९ सालीं परत आले, तेव्हां तिला येथें गिऱ्हाईक कोण होतें? मुंबईच्या ऑपेरा हाऊसमध्यें तर तेव्हां सिनेमे चालत! १९६० पासून १९६५ पर्यंत त्यांनीं दिल्ली विद्यापीठांत पाश्चात्य संगीतशास्त्र शिकविलें. परंतु त्यांच्या हातांस खरें काम दिलें तें व्यापाऱ्यांनीं. शक्ती सिल्कच्या साड्यांच्या जाहिरातपटापासून आरंभ झाला. पुढें लिरिल साबण, गार्डन वरेलीचीं वस्त्रें, ड्युलक्सचे रंग असें होतां होतां जाहिरातींच्या चालींची संख्या ७,००० च्या पुढें गेली.

बूलांजेबाईंच्या शिष्यानें साबणासाठीं सूर जुळवावे, हें ऐकून रसिक हळहळतात. आम्हीही पुष्कळ दिवस हळहळत होतों. आतां मात्र आमचें मत थोडें पालटलें आहे. जाहिरातीची चाल अर्ध्या मिनिटांत संपते. तेवढ्यांत तिनें स्वयंपाकघरांतील माणसाचें लक्ष ओढून घ्यावयाचें आणि मनांत घर करावयाचें. विस्तारास तेथें वाव नाहीं, आलापीस तर नाहींच. ही काटकसर पॅरिसमध्यें कोण शिकवणार? दूरदर्शनचा प्रेक्षकही अंधाऱ्या नाट्यगृहांत तिकीट काढून बसलेला नसतो. त्यास घरच्या कामांतून उठवून आणावें लागतें. पुढें जें मोठें काम भाटियांच्या हातून व्हावयाचें होतें, त्याची तालीम या बाजारांत झाली.

श्याम बेनेगल यांचा 'अंकुर' हा त्यांचा पहिला कथापट, १९७४ चा. १९७६ च्या 'मंथन'चा खर्च गुजराथेंतील पांच लाख दूधउत्पादकांनीं प्रत्येकीं दोन रुपये देऊन उचलला. त्यांतील प्रीती सागर यांनीं गाइलेलें गाणें पुढें अमूलच्या जाहिरातींत गेलें. मागें एकदां वर्गांत आम्हीं ती चाल कशीबशी गुणगुणून दाखविली. बहुतेक विद्यार्थ्यांनीं ती ओळखली, परंतु दुधाची जाहिरात म्हणून! चित्रपटाचें नांव दोघांस आलें, चाल रचणाराचें एकासही नाहीं. हंसा वाडकर यांच्या 'सांगत्ये ऐका' या आत्मचरित्रावरून निघालेल्या 'भूमिका'साठीं (१९७७) तर त्यांस गतकाळच्या बोलपटांचे निरनिराळे ढंग उभे करावयाचे होते. किराणा घराण्याच्या सरस्वतीबाई राणे यांचा आवाज त्यांत ऐकूं येतो. देवधरांकडील पाठ वायां गेले नव्हते.

परंतु भाटियांचें नांव राहील तें 'भारत एक खोज'मुळें, असें आम्हांस वाटतें. नेहरूंनीं अहमदनगरच्या किल्ल्यांत बंदिवासांत लिहिलेल्या ग्रंथावरून बेनेगल यांनीं १९८८ सालीं ५३ भागांची ही मालिका केली. आम्ही तेव्हां विद्यार्थी होतों. रविवारीं सकाळीं प्रारंभीचें नासदीय सूक्त सुरू झालें कीं घरांतील बोलणें थांबे. संस्कृत ऋचा आणि मागोमाग वसंत देव यांचा हिंदी अनुवाद, दोन्ही समूहाच्या कंठीं. वैदिकांच्या उदात्त-अनुदात्त पठणाचें अनुकरण भाटियांनीं केलें नाहीं; रागदारीची बैठकही मांडली नाहीं. त्यांनीं आवाजांचे थर रचले. हा मेळ परदेशीं, ऋचा आपली, असा आक्षेप तेव्हां आमच्या घरच्या वडील मंडळींनीं घेतला होता. आम्हांस तो तेव्हांही पटला नाहीं. कारण तें सूक्त निर्णय सांगणारें नाहीं. सृष्टि कोठून आली हें तिच्या अध्यक्षास तरी ठाऊक असेल काय, अशा शंकेवर तें थांबतें. एकट्या गायकानें ठामपणें गावें असें तें काव्यच नव्हे. अनेकांनीं मिळून अंधारांत चांचपडावें, तशी ती चाल आहे, आणि ती बांधण्यास पॅरिसची विद्याच लागली.

त्याच वर्षीं 'तमस'च्या संगीतासाठीं त्यांस राष्ट्रीय पारितोषिक मिळालें. १९८९ त संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार, २०१२ त पद्मश्री. हानि झालीच नाहीं असें मात्र आम्ही म्हणणार नाहीं. पियानोसाठीं त्यांनीं लिहिलेला फँटेशिया व फ्यूग किती जणांनीं ऐकला आहे? साबणाच्या जाहिरातीशेवटीं साबणाचें नांव येतें, संगीतकाराचें येत नाहीं. आणि २०१९ सालीं त्यांच्या आर्थिक विवंचनेच्या बातम्या वृत्तपत्रांत आल्या, तेव्हां कित्येकांस ते हयात आहेत हेंही नव्यानें कळलें. ७ मे २०२१ रोजीं मुंबईंत त्यांचें निधन झालें. दुसऱ्यांच्या खेळांस नांदी देण्यांत ज्यांचें आयुष्य गेलें, त्यांनीं उतारवयांत मांडलेला मोठा घाट स्वतःच्या ऑपेराचा होता: गिरीश कार्नाड यांनीं महाभारतांतील यवक्रीताच्या आख्यानावरून लिहिलेल्या नाटकावर रचलेला 'अग्निवर्षा'.